चार्टपेपर सर

त्यांचं खरं नाव वेगळं आहे आणि कॅटलॉगात ते ठळक अक्षरांत छापलेलं असतं. पण वस्तीत त्या नावाने विचारलंत तर कोणी सांगणार नाही. मुंबईच्या पूर्व उपनगरातल्या टेकडीवर, रिक्षावाला जिथे 'आता इथून चालत जा' म्हणतो तिथून चार वळणं वर गेलात आणि "ते सर आलेत का?" असं विचारलंत, तर उलटा प्रश्न येतो, "कुठले? डोळे तपासणारे, व्यसनमुक्तीवाले, की चार्टपेपर?"

काखेत चार्टपेपरची गुंडाळी, खांद्याला कापडी पिशवी, पिशवीत स्केचपेनांचा डबा, डबलटेप, हजेरीचा कागद आणि बिस्किटांचे पुडे. अंगात हातमागाचा निळा कुडता. त्याला इस्त्री नसते, आणि ती नसायला बरेच पैसे पडलेले असतात. पायात कोल्हापुरी, जुलैच्या पावसातसुद्धा. टेकडीच्या उतारावर ते घसरतात तेव्हा एखादी बाई दारातून ओरडते, "सर, प्लॅस्टिकची घ्या हो एक, शंभर रुपयांत येते." सर हसून हात जोडतात. प्लॅस्टिक त्यांच्या तत्त्वात बसत नाही.

असे चार्टपेपर सर आता प्रत्येक मोठ्या शहरात सापडतात. बायकाही आहेत, त्यांच्या कपाळावरच्या टिकलीच्या आकारावरून त्यांना 'टिकलीताई' म्हणतात. मी ज्यांच्याबद्दल लिहितोय ते एक म्हटलं तर एक आहेत, दहा म्हटलं तर दहा.

'मी' हा शब्द सरांनी टाकलाय. 'मी भिंत रंगवली' असं ते कधी म्हणणार नाहीत. 'भिंतीशी आमचा संवाद झाला' म्हणतील. ते शिकवत नाहीत, फॅसिलिटेट करतात. चित्र काढत नाहीत, चित्र 'घडू देतात'. पहिल्याच बैठकीत त्यांनी महिला मंडळाला सांगितलं, "आम्ही इथे काही द्यायला आलेलो नाही. आम्ही फक्त तुमच्यासाठी स्पेस होल्ड करणार आहोत." बैठक ज्या खोलीत होती ती दहा बाय बाराची, तिच्यात सात माणसं, एक शिलाई मशीन आणि पाण्याचं पिंप राहतं. मशीनवरच्या ताईंनी मान वर करून विचारलं, "होल्ड करून ठेवली असेल तर माझ्या नणंदेला सांगता का? कधीपासून शोधतेय भाड्याने."

त्यांचा दुसरा लाडका शब्द 'प्रक्रिया'. शेवटी काय तयार होतं ते गौण, प्रक्रिया महत्त्वाची. यावर मात्र बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. नळाच्या पाइपासाठी वॉर्ड ऑफिसला त्या गेली कित्येक वर्षं खेटे घालताहेत आणि तिथेही प्रक्रियाच सुरू आहे.

सर जन्मतः असे नव्हते. आधी ते मोठमोठे अमूर्त कॅनव्हास रंगवत. ते विकले जात नसत आणि घरात मावत नसत. अशा अडचणीच्या काळात त्यांच्या हाती निकोला बुरियो या फ्रेंच समीक्षकाचं पुस्तक पडलं. माणसामाणसांतले संबंध हीच कलेची सामग्री, असं या गृहस्थाने १९९८ साली मांडलं होतं. सरांचे डोळे उघडले. संबंध ठेवायला गोडाऊन लागत नाही. तेव्हापासून ते या पंथाचे झाले, आणि पंथ म्हटला की संतचरित्रं आलीच. सर ती चहाच्या वेळी सांगतात.

त्यातलं पहिलं रिर्क्रीत तिरावनिजाचं. या थाई कलावंताने १९९२ साली न्यूयॉर्कच्या एका गॅलरीत चित्रं लावायच्या ऐवजी शेगडी मांडली आणि येईल त्याला करी-भात फुकट खाऊ घातला. पुढे म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने ती कलाकृती संग्रहात घेतली. पोळीभाजी केंद्र चालवणाऱ्या ताई हे लाटणं थांबवून ऐकत होत्या. "करी संग्रहात घेतली?" त्या म्हणाल्या. "वास नाही का मारत?" मग जरा विचार करून, "फुकट किती दिवस परवडलं त्याला?" सरांकडे संकल्पनेची सगळी माहिती होती, गॅसच्या बिलाची नव्हती.

दुसरं चरित्र मिअर्ल लॅडरमन युकेलेस या बाईंचं. ते सांगताना सरांचा आवाज खरोखर कापतो, आणि तो कापावा असंच ते आहे. न्यूयॉर्कच्या सफाई खात्यात या बाई १९७७ पासून निवासी कलावंत, त्याही बिनपगारी. १९७९-८० मध्ये जवळजवळ वर्षभर त्या शहरभर हिंडल्या आणि साडेआठ हजार सफाई कामगारांशी एकेकाशी हात मिळवून, शहर जिवंत ठेवल्याबद्दल त्यांचे आभार मानले. सरांनी ही गोष्ट महापालिकेच्या कचऱ्याच्या गाडीवर कंत्राटी काम करणाऱ्या एका काकांना सांगितली. काकांनी सगळी ऐकून घेतली. "साडेआठ हजार हात," ते म्हणाले. "हातमोजे मिळाले का मग त्यांना?" आणि जाता जाता, "बाई बिनपगारी, म्हणजे आमच्यातल्याच."

सरांनी हे उत्तर वहीत उतरवून घेतलं. पुढे एका परिसंवादात ते त्यांनी इंग्रजीतून ऐकवलं आणि सभागृहाने टाळ्या वाजवल्या. काकांचे हातमोजे अजून यायचेत.

तिसरं चरित्र आपल्याकडचं, आणि ते सर जरा घाईने उरकतात. भास्कर कुलकर्णी हा मराठी चित्रकार हस्तकला मंडळाच्या कामासाठी आधी मिथिलेत आणि मग सत्तरच्या दशकात डहाणूकडच्या वारली पाड्यांवर गेला. तिथे त्याने भिंतीवरची चित्रं कागदावर उतरवून घेतली. त्यातून जिव्या सोमा मशे जगाला माहीत झाले. २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. मशे मोठे कलावंत, यात शंकाच नाही. पण लग्नाचा चौक पिढ्यान्‌पिढ्या काढत होत्या त्या सवाशिणी. कागद आला, आणि सातबाऱ्यावर होतं तसं चौकावर पुरुषाचं नाव चढलं. हे मी एकदा सरांना म्हणालो. ते म्हणाले, "इट्स कॉम्प्लेक्स." अडचणीच्या जागी सर इंग्रजीत जातात.

कार्यशाळेचा पहिला दिवस मुलांचा असतो. विषय: 'माझी वस्ती'. मुलांनी तासाभरात वीस चित्रं काढली आणि विसांतही दोन त्रिकोणी डोंगर, मधून उगवणारा सूर्य, नदी, नारळाचं झाड, कौलारू घर आणि आभाळात मराठी चारच्या आकड्याचे पक्षी. सर हिरमुसले. त्यांना हवं होतं जगण्याचं वास्तव. तेवढ्यात पाचवीतल्या एका मुलीने त्यांची दया येऊन विचारलं, "सर, तुम्हाला गटार पाहिजे का? मागच्या वर्षीच्या ताईंना गटारच आवडायचं." तुम्ही म्हणाल तसं, असं म्हणून तिने नवा कागद घेतला आणि सफाईने गटार काढलं, पाण्याच्या पिंपांची रांग काढली, उंदीर काढला आणि कोपऱ्यात उदास चेहऱ्याची एक मुलगी काढली. "ही मी," ती म्हणाली आणि बिस्किटाचा पुडा घेऊन हसत पळाली. ते चित्र वार्षिक अहवालाच्या मुखपृष्ठावर आलं.

दुसरा दिवस आठवणींचा. वस्तीतल्या सगळ्यांत वयस्क आजींसमोर सरांनी रेकॉर्डर ठेवला. आजींना सर्वेक्षणाचा, प्रबंधाचा, माहितीपटाचा असा सर्व प्रकारचा अनुभव आहे. त्यांनी आधीच विचारून घेतलं, "कुठली सांगू? बहात्तरच्या दुष्काळात गाव सोडलं ती, गिरणी संपातली, का सव्वीस जुलैच्या पाण्याची? आणि रडायचं असलं तर आत्ता सांगा, लुगडं बदलून येते." सरांनी सांगितलं, जे मनातून येईल ते. आजींनी संपाची सांगितली. १९८२ चा जानेवारी, गिरणीचा भोंगा थांबलेला, घरात कर्ता पुरुष भिंतीकडे तोंड करून बसलेला. जिथे थांबायचं तिथे थांबत, जिथे पदर डोळ्याला लावायचा तिथे लावत. ऐकून माझ्याही पोटात कालवलं. कारण गोष्ट खरी होती. फक्त फार वेळा सांगून तिला घोटून घोटून तकाकी आली होती.

रेकॉर्डरची बॅटरी संपली आणि आजी सैल बसल्या. मग त्यांनी न विचारता चौथी सांगितली. दुष्काळात मुंबईला आल्यावर मालकांनी समुद्र दाखवायच्या आधी 'पिंजरा' दाखवला होता. परत बघायचा म्हणून त्यांनी भाजीच्या पैशांतून पैसे मारले, नणंदेला फितवलं आणि दोघी दुपारच्या खेळाला गेल्या. पडद्यावर घुंगरं वाजायला लागली तेव्हा नणंद खुर्चीवर उभी राहिली होती. सांगताना आजींनी बसल्या जागी हात असे फिरवले की खोलीतल्या सगळ्या बायका हसून आडव्या झाल्या. सरही हसले. पण प्रकल्पाचं नाव 'विस्थापनाच्या स्मृती' असं होतं आणि 'पिंजरा' त्यात बसेना. अनुदान मंजूर झालं होतं ते दुःखासाठी. आनंदाचा रकाना त्या अर्जात नव्हता.

इथे सरांची एक बाजू सांगितलीच पाहिजे, नाहीतर माझ्यावरही एकांगीपणाचा आरोप येईल. त्यांच्या संतचरित्रांत आणखी एक आहे. नवज्योत अल्ताफ या मुंबईच्या कलावंत नव्वदच्या दशकाच्या अखेरीपासून बस्तरमध्ये, कोंडागावच्या बाजूला, तिथल्या आदिवासी कलाकारांबरोबर काम करत आल्या आहेत. त्या सगळ्यांनी मिळून हातपंपाभोवतीच्या जागा बांधल्या. त्यांना 'नलपार' म्हणतात. भिंतींवर आकृत्या आहेत, पण घागर टेकवायला कोनाडेही आहेत, म्हणजे भरलेली घागर जमिनीपासून थेट डोक्यापर्यंत उचलावी लागत नाही. सरांच्या सगळ्या संतचरित्रांत बायकांनी परत सांगायला लावलेलं हे एकच. ऐकून झाल्यावर त्या म्हणाल्या, "हे करू की आपल्या नळावर."

मग तीन संध्याकाळ नुसतं भांडण झालं. ओटा किती उंचीचा? उंच सुनांना कमरेइतका हवा, बुटक्या सासवांना गुडघ्याइतका. एक म्हणाली पोटुशीला दोन्ही नको, मधला पाहिजे. सरांनी चार्टपेपर पसरला, तो कोणीतरी ओल्या जागी बसायला घेतला. शेवटी वस्तीतलेच एक गवंडी आले, त्यांनी तीन बायकांना रिकामे हंडे घेऊन उभं केलं, भिंतीवर कोळशाने तीन रेघा मारल्या आणि दोन टप्प्यांचा ओटा ठरवला. कोणाच्या तरी घरकामातून उरलेलं सिमेंट, कोणाची तरी रेती. सर घमेली वाहत होते. कोल्हापुरी त्या दिवशी त्यांनी काढून ठेवली होती.

ओटा आजही आहे, त्यावर हंडे असतात आणि सकाळी पाणी जाईपर्यंत बायकाही असतात. अहवालात मात्र त्याला एक ओळ मिळाली, 'इतर उपक्रम' या मथळ्याखाली. फोटो नाही, कारण फोटो काढणाऱ्याच्या हातात घमेलं होतं.

अहवाल जातो तो कंपनीकडे. २०१३ च्या कंपनी कायद्याने ठरावीक मर्यादेच्या वरच्या कंपन्यांना सरासरी नफ्याचे दोन टक्के समाजकार्यावर खर्च करायला लावले आणि त्या यादीत कला-संस्कृतीही घातली. त्यामुळे मार्च जवळ आला की कंपन्यांना समाज आठवतो आणि सरांना भिंत मिळते. या वेळची भिंत टेकडीच्या पायथ्याची होती, दरड थोपवणारी, रस्त्यावरून नीट दिसणारी. २०१७-१८ मध्ये घाटकोपरजवळ असल्फ्याची टेकडी स्वयंसेवकांनी रंगवली होती आणि वर्तमानपत्रांना ती इटलीच्या किनाऱ्यासारखी वाटली होती. त्याचं नाव काढलं की सर अस्वस्थ होतात. ते सुशोभीकरण, आपली सहनिर्मिती. फरक समजावून द्यायला त्यांना अर्धा तास लागतो. बायकांना फरक कळला, पण त्यांचं म्हणणं असं पडलं की तो रंग मेट्रोतून दिसतो हे खरं, तरी घराला बाहेरून एक हात लागला तो लागलाच.

भिंतीवर काय काढायचं ते समाज ठरवेल, असं सरांनी जाहीर केलं. अर्थात समाजाला सोपं जावं म्हणून त्यांनी स्वतःची एक सूचना आणली होती: गेरू, नीळ आणि मातीच्या रंगांत प्रत्येकाच्या हाताचा ठसा. या पंथाच्या भिंती फिरून फिरून हाताच्या ठशांवरच येतात. मशीनवरच्या ताई म्हणाल्या, "रेशनला ठसा, आधारला ठसा. आता भिंतीला पण?" आजींनी त्याहून सरळ सांगितलं. "अंगठा सुटावा म्हणून म्हातारपणी रात्रशाळेत जाऊन सही शिकले मी. ठसा देणार नाही."

मतदान घेतलं. ठशांना एक मत पडलं. ते कोणाचं हे गुप्त असलं तरी सर्वांना माहीत होतं. बाकी सगळी मतं धबधब्याला. मागे बर्फाचा डोंगर, दोन हरणं, तळ्यात हंस. रंग पोपटी, आकाशी आणि गुलाबी, ऑइल पेंटमध्ये, म्हणजे पाण्याने धुता येतो. खाली सहभागी झालेल्या सर्वांची नावं. नावं हवीत हा आग्रह सरांचाच होता, पण यादी केली ती लग्नपत्रिका काढायचा अनुभव असलेल्या बायकांनी: वयाप्रमाणे क्रम, सौ. आणि चि. नीट लावलेले, दोन कैलासवासी, आणि सर्वांत वर ग्रामदैवत. चाळ कमिटीने भावी नगरसेवकांचा फोटो सुचवला. सरांनी सौंदर्यदृष्टीचा मुद्दा काढला. कमिटीने परांची बांधायच्या जागेचा आणि शिडीच्या परवानगीचा मुद्दा काढला. अखेर हंसाच्या पोटाखाली बारीक अक्षरांत 'सौजन्य' आलं.

त्या आठवड्यात सर फार खिन्न होते. "लोकांनी त्यांची स्वतःची कल्पना मांडायला हवी होती," ते मला म्हणाले. मी विचारलं, "मग ही कोणाची आहे?" ते म्हणाले, "बाजाराची." हे खरंही असेल. पण गेरू आणि नीळ कुठल्या बाजारातून आली, ते त्यांना विचारायचा धीर मला झाला नाही.

धबधबा काढला वस्तीतल्याच पेंटरने. सिनेमाची पाटी, दुकानाचा बोर्ड, टेम्पोच्या मागचे ससाणा-गुलाब, सगळं केलेला हात. फ्लेक्स आला आणि काम बसलं. सर पहिल्या दिवशी त्याला उत्साहाने म्हणाले, जर्मनीत योसेफ बॉइस नावाचा कलावंत होऊन गेला, त्याचं म्हणणं असं की प्रत्येक माणूस कलावंत असतो. पेंटर ब्रश टर्पेंटाइनमध्ये खळबळत म्हणाला, "मग तुम्ही सगळे मला का बोलावता?" आणि लगेच मुद्द्यावर आला. "चौरस फुटाला काय देणार?" सरांच्या अंदाजपत्रकात सगळ्यांना सारखं मानधन होतं, समतेच्या तत्त्वावर. पेंटरने भिंत फुटपट्टीने मोजली, तत्त्व बाजूला ठेवलं आणि दर ठरवून घेतला. सरांनी मुकाट्याने स्वतःच्या मानधनातून फरक भरला. ही गोष्ट त्यांनी कुठेही लिहिलेली नाही. मला पेंटरकडून कळली.

कॅटलॉगात मात्र सर पुन्हा सर झाले. धबधबा म्हणजे पाण्यापासून वंचित ठेवलेल्या समूहाची सामूहिक तहान, असं त्यांनी दोन पानं लिहिलं. मराठी भाषांतर वाचून पेंटर म्हणाला, "मी तर वाण्याच्या कॅलेंडरवरून उचलला."

फोर्टातल्या गॅलरीत प्रदर्शन भरलं, वस्तीला बसने नेलं. बायका काठपदराच्या साड्या नेसून, गजरे माळून, मुलांचे कडक इस्त्रीचे शर्ट सांभाळत आल्या होत्या. गॅलरीकडचे लोक चुरगळलेल्या लिननमध्ये होते. एका पाहुण्या बाईंनी तर फाटक्या शालीला ठिगळं लावलेली पांघरली होती; आजींनी हळूच मला विचारलं, "हिचं घरी बरं आहे ना?"

भिंतीवर कार्यशाळेतले चार्टपेपर फ्रेम करून लावले होते, चहाच्या डागांसकट. एकासमोर मशीनवरच्या ताई थबकल्या. "अगं बाई, हा इथे आहे होय! याच्या मागे भिशीचा हिशोब आहे माझा." कागदाखाली लाल टिकली लागली होती, म्हणजे विकला गेला होता. ताई ऐकेनात. चार जणींनी पैसे भरलेत ते लिहिलेले नाहीत आणि दोघी न भरता भरलेत म्हणताहेत. पुरावा या काचेमागे. सरांनी तो घेणाऱ्याला विनंती केली, फ्रेम उलटी केली, मागचा खाकी कागद कापला. मोबाइलवर हिशोबाचा फोटो निघाला. घेणारे गृहस्थ हरखून गेले. आता त्यांना फ्रेम उलटी लावून हवी होती. ताईंनी त्याला साफ नकार दिला. लोकांच्या भिशीची नावं परक्याच्या दिवाणखान्यात लागणार नाहीत म्हणजे नाहीत. सर पहिल्यांदाच सर्वांदेखत कोणाची तरी बाजू घेऊन मराठीत बोलले, "त्या नाही म्हणतात ना? मग नाही."

भिंतीवर कोणाची सही नसावी, कारण निर्मिती सामूहिक, असं ठरलं होतं. पेंटरने ते मान्य केलं, सही केली नाही. फक्त हरणाच्या खुराजवळ 'बोर्ड, शटर, सीनरी' असं लिहून मोबाइल नंबर टाकला. पावसाळ्याआधी त्याला तीन कामं आली: एक ढाबा, एक बालवाडी आणि एक इंग्रजी शाळा. शाळेच्या कामाला त्याने सरांना फोन केला. स्पेलिंगची भानगड होती आणि वीस फुटी ओळीला दुसऱ्या टोकाला माणूस हवा होता.

मी गेलो तेव्हा सर उन्हात उभे होते, निळीत बुडवलेली सुतळी दोन्ही हातांत ताणून. नीळ कुडत्यावर उडली होती. कुडता निळाच असल्यामुळे कळत नव्हतं. मला बघून ते म्हणाले, यातून एक छान प्रकल्प होऊ शकतो, श्रम आणि अक्षर असा काहीतरी, डॉक्युमेंट करायला हवं.

"करा ना," शिडीवरून पेंटर म्हणाला, "आधी सुतळी ताठ धरा. आणि पुढे डबल एम आहे का सिंगल, ते बघून सांगा पटकन, रंग सुकतोय."

सरांनी पिशवीतून चष्मा काढायला एक हात सोडला, आणि सुतळी पुन्हा सैल पडली.